कळवळा आणि करुणा

विळीवर भाजी चिरताना सुनेचे बोट कापते आणि शेजारी शेंगा सोलत बसलेल्या सासूबाईंच्या तोंडून ‘आई गं’ निघते. जखम एकीला, कळ दुसरीला. आपल्या भाषेने या अनुभवाला ‘कळवळा’ हा फार नेमका शब्द दिला आहे. त्यात ती कळ ऐकूच येते. ही केवळ बोलण्याची रीत नव्हे, हे मेंदूच्या अभ्यासकांनी गेल्या दोन दशकांत दाखवून दिले आहे.

२००४ मध्ये तानिया सिंगर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी लंडन येथे केलेला प्रयोग या विषयात पायाभूत मानला जातो. सोळा स्त्रियांच्या मेंदूचे एफएमआरआय पद्धतीने चित्रण केले गेले. प्रत्येकीचा जोडीदार त्याच खोलीत शेजारी बसलेला. कधी तिच्या हाताला, तर कधी त्याच्या हाताला विजेचा वेदनादायक झटका दिला जाई आणि झटका कोणाला बसणार आहे, हे तिला पडद्यावरील खुणेवरून कळे. झटका जोडीदाराला बसे, तेव्हाही तिच्या मेंदूतील अग्र इन्सुला आणि सिंग्युलेट कॉर्टेक्सचा पुढचा भाग हे दोन भाग जागे होत. स्वतःला वेदना होताना हेच भाग काम करतात. मात्र ‘वेदना हातावर नेमकी कोठे आणि किती तीव्र’ याची नोंद घेणारा संवेदनांचा भाग त्या वेळी शांत असे. म्हणजे दुसऱ्याच्या दुखण्यातील टोचणी आपल्यापर्यंत येत नाही. तिच्यामागची तगमग तेवढी येते.

काही वाचकांनी ‘आरसा-चेतापेशी’ हा शब्द ऐकला असेल. इटलीतील पार्मा येथे रिझोलाटी यांच्या गटाला माकडांच्या मेंदूत त्या आढळल्या. स्वतः वस्तू उचलताना आणि दुसऱ्याला ती उचलताना पाहतानाही त्या उत्तेजित होतात. माणसाच्या करुणेचा सारा डोलारा या पेशींवर उभा करण्याचा उत्साह मध्यंतरी फार होता. मला तो अवाजवी वाटतो. हाताची हालचाल ओळखणे वेगळे आणि दुसऱ्याचे दुःख जिवाला लागणे वेगळे.

आपण घरातील आजारी माणसाची सेवा करीत असाल, तर यापुढचा भाग विशेष लक्ष देऊन वाचावा.

माच्यू रिकार हे फ्रान्समध्ये जन्मलेले बौद्ध भिक्षू. त्यापूर्वी ते जीवशास्त्राचे संशोधक होते. २००७ मध्ये सिंगर यांनी त्यांना एफएमआरआय यंत्रात झोपवून दुःखी माणसांविषयी करुणेचे ध्यान करण्यास सांगितले. वेदनेच्या त्या दोन भागांत अपेक्षित हालचाल दिसेना. तेव्हा त्यांना वेगळी सूचना देण्यात आली : करुणा बाजूला ठेवा, केवळ समोरच्याचे दुःख स्वतःत उतरू द्या. रिकार यांनी रुमानियातील अनाथाश्रमांतील मुलांची हलाखी मनात आणली. सुमारे तासाभरात वर्षानुवर्षे ध्यान करणारा हा मनुष्य गळून गेला. पुन्हा करुणेकडे वळल्यावर मात्र त्यांना हुशारी वाटली. पुढे सामान्य व्यक्तींना प्रशिक्षण देऊन केलेल्या अभ्यासातही हेच चित्र दिसले. केवळ सहवेदनेच्या सरावाने मन खिन्न होत गेले. त्यानंतर करुणेच्या सरावाने प्रसन्नता वाढली आणि मेंदूतील जिव्हाळ्याशी, समाधानाशी निगडित भाग कार्यरत झाले.

याचा अर्थ, ज्या थकव्याला आपण ‘आता माझ्यात माया उरली नाही’ असे नाव देतो, तो पुष्कळदा माया आटल्याचा नसतो; दुसऱ्याची वेदना दिवसरात्र अंगावर घेतल्याचा असतो. अंथरुणाला खिळलेले वडील कण्हू लागले की ‘यांना किती सोसावे लागते’ हाच विचार घोळवत बसल्याने त्यांचे दुखणे कमी होत नाही आणि आपली शक्ती मात्र जाते. त्याऐवजी, ‘या घटकेला यांना कशाने बरे वाटेल?’ असे स्वतःला विचारावे. कूस बदलून द्यावी, ओठ ओले करावेत, हात हातात घ्यावा. दिवसातून काही मिनिटे शांत बसून आधी एखाद्या लाडक्या माणसाचे, मग स्वतःचे आणि मग रुग्णाचे भले चिंतावे. प्रशिक्षणात करवून घेतात तो सराव साधारण असाच असतो. अर्थात, रात्रीच्या जागरणाची भरपाई ध्यानाने होत नाही. भावंडांनी पाळ्या वाटून घेणे हा भाग कोणत्याही संशोधनाची वाट न पाहता करण्याजोगा आहे.

आता दुसरी बाजू. कधी आजारी माणसातूनच हा कळवळा नाहीसा होतो. आयुष्यभर प्रेमळ असलेले गृहस्थ पत्नी तापाने फणफणली असताना ‘जेवायला कधी वाढतेस?’ एवढेच विचारतात, घरातील दुःखद बातमीवर हसतात, चारचौघांत नको ते बोलतात. स्मरणशक्ती शाबूत असते, म्हणून घरचे त्याला हेकटपणा समजतात आणि संसारात कटुता येते. फ्रॉन्टोटेम्पोरल डिमेन्शिया या आजाराच्या एका प्रकारात मेंदूचा पुढचा आणि कानशिलाजवळचा भाग झिजतो. इन्सुला आणि सिंग्युलेट यांना त्याची झळ लवकर पोहोचते. तो बहुधा पंचेचाळीस ते पासष्ट या वयात सुरू होतो. स्वभावात असा ठळक पालट दिसला, तर भांडण वाढविण्यापूर्वी मेंदूविकारतज्ज्ञांना दाखवावे. रुग्णाला स्वतःतील बदल सहसा जाणवत नाही, म्हणून तो कधीपासून आणि कसकसा होत गेला, हे घरच्या माणसाने सांगणे आवश्यक असते.

अल्झायमरमध्ये पुष्कळदा याच्या उलट घडते. नावे, नाती, वेळ यांचा विसर पडतो. परंतु इतरांच्या भावना झिरपून घेण्याची वृत्ती टिकून राहते, काहींमध्ये ती वाढलेलीही आढळते. आपण चिडून चमचा पुढे केला, तर काय बिनसले हे आजींना उमजणार नाही. बेचैनी मात्र त्यांच्यात तत्काळ उतरेल आणि त्या तोंड फिरवतील. अशा वेळी वाटी खाली ठेवावी, पाच मिनिटे बाल्कनीत उभे राहावे, पाणी प्यावे आणि मग पुन्हा त्यांच्याजवळ जाऊन बसावे. घास तेवढ्याने काही निवत नाही.