माठाखालची शेती

घरात मासा पाळला की लोक सगळे प्रश्न माशाबद्दल विचारतात. केवढा होतो, किती जगतो, पाणी कधी बदलायचं... तो खातो काय, हे मात्र कुणी विचारत नाही. डबीतले दाणे टाकले की झालं! माझं मत जरा वेगळं आहे. फायटर किंवा गप्पीसारखा इवलासा मासा पाळायचा, तर त्याचा थोडा तरी घास आपण घरीच पिकवावा. आणि त्यासाठी स्प्रिंगटेलसारखं सोपं पीक नाही.

नाव परकं, पण मंडळी ओळखीची आहेत. पावसाळ्यात बांधावरचा कुजका पाला उचला. मिलिमीटर-दोन मिलिमीटरचे ठिपके टुणकन उडतात ना, तेच हे. पोटाखाली दुमडलेली काडी सुटली की उडी! सहा पाय असूनही शास्त्रज्ञ आता यांना कीटकांत धरत नाहीत. स्कॉटलंडमध्ये सापडलेला यांचा जीवाश्म सुमारे ४० कोटी वर्षांपूर्वीचा आहे.

आपल्या भंडाऱ्यात तर यासाठी काही विकतही आणावं लागत नाही. चुलीतला कोळसा धुवून झाकणाच्या डब्यात भरायचा, तळाला अर्ध्या पेराएवढं पाणी, वर तांदळाचे आठ-दहा दाणे. (तांदळाला काय तोटा आपल्याकडे!) दाण्यांवर बुरशी येते, ती हे खातात. दाणे जास्त झाले तर डबा नासतो. बियाणं फवारणी न झालेल्या जागेच्या पाल्यातून घ्यायचं. आठवड्यातून एकदा झाकण उघडून हवा द्यायची. महिना-दोन महिन्यांत वस्ती वाढते. मग एक कोळसा उचलून टाकीवर टिचकी मारायची. यांच्या अंगाला पाणी धरत नाही, त्यामुळे ते तरंगतात आणि मासा वर येऊन टिपतो. खरा वैरी उन्हाळा. हे कातडीतून श्वास घेतात, कोरडे पडले की संपले. मे महिन्यात पारा ४४-४५ वर गेला की डबा माठाच्या तिवईखाली ठेवावा.

काही जण माशांसाठी डासांच्या अळ्या साठवतात. ते मला पटत नाही. आठ-दहा दिवस दुर्लक्ष झालं की घरात डास, आणि डेंगी काय असतो ते सांगायला नको. स्प्रिंगटेल चावत नाहीत, उडून जात नाहीत, ओल सोडून जगतही नाहीत.

आता घरातल्या मोठ्यांचा आक्षेप. "घरात किडे पाळता? आणि तेही मारायला?" पहिल्या भागाचं उत्तर सोपं आहे. आपल्या जिल्ह्यात ढिवर कुटुंबं ऐन-अर्जुनाच्या झाडांवर कोशाचे किडे पिढ्यान्‌पिढ्या वाढवत आली. आंधळगावचं कोशाचं कापड आपण कौतुकाने नेसतो, पूजेला सोवळं म्हणूनही नेसतो. कोष उकळताना आतला जीव जातो, हे मात्र कुणी बोलत नाही.

दुसरा भाग अवघड आहे, आणि तो मी टाळणार नाही. हो, जीव जातो. पण डबीतल्या दाण्यांतही बहुतेक वेळा माशांचीच भुकटी असते. तिथे मरण कारखान्यात होतं, इथे आपल्या डोळ्यांसमोर. मला दुसरं जास्त प्रामाणिक वाटतं. डब्याला पाणी घालणारं पोरगं आपोआप विचारतं, "आज किती टाकायचे? थोडे उरू देत ना?" एका जिवाला जगवायला दुसरा लागतो, आणि म्हणून त्या दुसऱ्यालाही नीट सांभाळायचं असतं, हे त्याला मुद्दाम शिकवावं लागत नाही. दाण्यांच्या डबीने असा प्रश्न कधी पडला नसता.

तेवढ्यावरच मासा जगवा असं मी म्हणत नाही. दाणेही द्या. हा खाऊ आहे, पूर्ण जेवण नाही.

असो. ज्यांना बियाणं हवं असेल त्यांनी इकडे येताना झाकणाचा रिकामा डबा घेऊन यावा. तांदूळ आणि कोळसा आमच्याकडे आहे!