नकुसा, देझिरे आणि सातबारा

इंजिनिअरिंगला ॲडमिशन घेतली की माणसाचं नाव जवळजवळ संपतं. मग उरतो तो रोल नंबर, सीट नंबर आणि पीआरएन! व्हायव्हाला बाहेरून आलेले सरसुद्धा 'नेक्स्ट' म्हणून मोकळे होतात. प्रोग्रॅमिंगच्या पहिल्याच आठवड्यात आपण शिकतो की व्हेरिएबलला 'एक्स' म्हणा नाहीतर 'टेम्प' म्हणा, कम्पायलरला काडीचाही फरक पडत नाही. तेव्हा 'नाव' या विषयावर कुणी मासिकाची पानं भरायला घेतली, तर "हिला सबमिशन नाही वाटतं," असंच तुम्ही म्हणणार. म्हणा बापडे! पण माझं म्हणणं असं आहे की, मुलीच्या बाबतीत नावानं फार फरक पडतो. फक्त तो आपण समजतो त्या जागी पडत नाही.

मी मारेगावची. यवतमाळ जिल्ह्यातलं, वणीच्या जवळचं हे तालुक्याचं गाव. कापूस, तूर, सोयाबीन आणि आजूबाजूला कोलामांचे पोड. गेल्या उन्हाळ्यात आमच्याकडे मावसबहिणीच्या मुलीचं बारसं होतं. भाऊजी पुण्याला आयटीत. त्यांना मुलीसाठी 'हटके' नाव हवं होतं, आणि ते त्यांनी थेट फ्रान्समधून शोधून आणलं... देझिरे! पाळण्याभोवतीच्या बायांमध्ये एकदम शांतता. मग शेजारच्या आजी म्हणाल्या, "हे काय दुधाची डेअरी हाये काय वं?" भाऊजींनी मोठ्या उत्साहानं समजावून सांगितलं की, हे नाव मूळ लॅटिन शब्दावरून आलं आहे. देझिरे म्हणजे जिची इच्छा धरली होती ती, जिची वाट पाहिली ती. हवीहवीशी. आजींनी क्षणभर विचार केला आणि म्हणाल्या, "म्हंजे माह्या नावाच्या उरफाटं!"

सगळे हसले, आजीही हसल्या. आजींचं आधार कार्डावरचं नाव आहे नकुसा.

बारशाला शेवटी वेगळंच, सगळ्यांना म्हणता येईल असं नाव ठेवलं. पण मी मात्र ह्या दोन्ही नावांच्या मागे लागले.

नकुसा, नकोशी, नकुशी. नको असलेली. मुलीवर मुली झाल्या की शेवटच्या मुलीचं नाव असं ठेवायचं, म्हणजे देवाला निरोप पोचतो आणि पुढचा मुलगा होतो, ही समजूत. कुणी म्हणेल, "त्यात एवढं काय? आपल्याकडे दगडू, धोंडू, कचरू, उकंडा अशी पुरुषांची नावं पण आहेतच की!" आहेत. पण ह्या दोन प्रकारच्या नावांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. मुलं जगत नसायची, म्हणून झालेल्या मुलाला मुद्दाम उकिरड्याचं, दगडाचं नाव द्यायचे. हेतू हा की यमाला, दृष्ट लावणाऱ्याला वाटावं, ह्यात नेण्यासारखं काही नाही. म्हणजे ते ओंगळ नाव म्हणजे चिलखत. पोरगं जगावं म्हणून घातलेलं. नकुसा हे चिलखत नाही. ते नाव तिच्यासाठी नाहीच मुळी! ते तिच्या पाठीवर येणाऱ्या, अजून न जन्मलेल्या भावासाठी केलेला अर्ज आहे. ह्या अर्जाचा कागद म्हणजे ती मुलगी. आणि अर्ज मंजूर होवो की नामंजूर, कागद मात्र जन्मभर तसाच राहतो.

ही फक्त आपलीच खोड आहे असंही नाही. हरियाणा-राजस्थानकडे मुलींची 'भतेरी', 'धापू' अशी नावं सापडतात. अर्थ एकच, पुरे झाल्या! चीनमध्ये मुलींचं एक जुनं नाव आहे 'झाओदी', म्हणजे धाकट्या भावाला बोलावून आणणारी. तामिळनाडूत 'वेंडाम' म्हणजे 'नको'. ह्याच 'वेंडाम' नावाच्या अभियांत्रिकीच्या एका विद्यार्थिनीला २०१९ साली जपानी कंपनीत गलेलठ्ठ पगाराची नोकरी लागली, तेव्हा वर्तमानपत्रांत ते नाव झळकलं. मग तिच्या जिल्ह्यानं तिलाच 'बेटी बचाओ, बेटी पढाओ'ची दूत केलं. म्हणजे तिच्या कॅम्पस इंटरव्ह्यूच्या यादीत, ऑफर लेटरवर, सगळीकडे 'नको' हाच शब्द असणार. आपल्या प्लेसमेंटच्या नोटीस बोर्डावर 'नकुसा' हे नाव कल्पना करून बघा!

आता भाऊजींच्या देझिरेकडे वळू. ह्या नावाची सगळ्यात गाजलेली बाई म्हणजे देझिरे क्लारी. जन्म १७७७, मार्सेयच्या रेशमाच्या व्यापाऱ्याची मुलगी. १७९५ साली तिचं लग्न ठरलं ते कुणाशी, तर नेपोलियन बोनापार्टशी! नेपोलियन मात्र तिला देझिरे म्हणत नसे. त्याला तिच्या तीन नावांपैकी 'युजेनी' हे आवडायचं. पुढे त्यानं हे लग्न मोडलं आणि १७९६ मध्ये जोसेफिनशी केलं. गंमत म्हणजे जोसेफिनला तोवर सगळे 'रोझ' म्हणायचे. 'जोसेफिन' हे नेपोलियननं पुढे केलेलं नाव. इकडे देझिरेनं १७९८ मध्ये बर्नाडोट ह्या सेनानीशी लग्न केलं. नशीब असं की तो स्वीडनचा राजा झाला आणि १८१८ मध्ये ही राणी. तिथं तिचं नाव झालं 'देझिदेरिया'. म्हणजे बापाकडे एक, प्रियकराकडे दुसरं, सासरच्या देशात तिसरं! 'हवीहवीशी' नाव असून ज्याला ती हवी होती त्यानंच सोडली. अमेरिकन लेखिका केट शोपँ यांची १८९३ मधली एक कथा आहे, तिच्या नायिकेचं नाव हेच. टाकून दिलेली पोर एका बाईनं प्रेमानं वाढवली, देझिरे नाव ठेवलं. पुढे नवऱ्यानं तिला तान्ह्या बाळासकट टाकलं. तात्पर्य, शब्दकोशातला अर्थ कुणाला वाचवत नाही.

नेपोलियनला हसायचं कारण नाही. आपल्याकडे तर नवरीच्या नावाचा तांदळाच्या ताटात अंगठीनं निकालच लागायचा. आनंदीबाई जोशी जन्मल्या त्या 'यमुना' म्हणून. १८७४ मध्ये, नवव्या वर्षी लग्न झालं आणि आनंदी झाल्या. त्याच नावानं १८८६ मध्ये अमेरिकेत डॉक्टर झाल्या. रमाबाई रानडेसुद्धा माहेरी यमुनाच. १८७३ मध्ये लग्न झालं आणि रमा. दोन यमुना, दोन्ही थोर, आणि दोघींची माहेरची नावं आपल्याला प्रश्नमंजूषेपुरतीच माहीत!

फ्रान्सच्या सरकारनं मात्र एका बाबतीत आपल्यापेक्षा बरं केलं आहे. तिथे १८०३ च्या कायद्यानं ठराविक नावंच ठेवता यायची, संतांच्या पंचांगातली किंवा प्राचीन इतिहासातली. १९९३ साली हे बंधन काढलं, पण एक खिळा ठेवला. नाव मुलाच्या हिताविरुद्ध आहे असं जन्मनोंदणी करणाऱ्याला वाटलं, तर तो ते सरकारी वकिलाला कळवतो आणि गोष्ट कोर्टापर्यंत जाऊ शकते. एका जोडप्यानं मुलीचं नाव चक्क 'न्यूटेला' ठेवलं होतं, ते चॉकलेटच्या बाटलीवरचं! पोरीला लोक चिडवतील म्हणून कोर्टानं ते नामंजूर केलं आणि 'एला' केलं. २०१५ च्या सुरुवातीला ही बातमी जगभर गाजली. चॉकलेटच्या नावासाठी तिथे कोर्ट बसलं. आपल्याकडे नोंदवहीत कुणीतरी 'नकुसा' लिहून घेतलं आणि पान उलटलं.

तरी आपल्याकडे कुणीच काही केलं नाही असं म्हणणं अन्यायाचं होईल. सातारा जिल्ह्यात आरोग्य खात्यानं अशा मुली शोधून काढल्या, आणि २२ ऑक्टोबर २०११ रोजी जिल्हा परिषदेच्या कार्यक्रमात २८५ मुलींना नवी नावं मिळाली, प्रमाणपत्रासकट. महत्त्वाचं म्हणजे पुष्कळ मुलींनी नावं स्वतः निवडली. कुणी देवीचं, कुणी सिनेमातल्या नटीचं. काही शहाण्यांनी नाकं मुरडली, म्हणे ऐश्वर्या नाव घेऊन कुणी ऐश्वर्या होतं का? मला विचाराल तर त्या दिवसाची सगळ्यात मोठी गोष्ट हीच होती. तोवरचं नाव दुसऱ्या कुणासाठी होतं, हे पहिल्यांदा तिनं तिच्यासाठी घेतलं.

पण इथेच थांबून टाळ्या वाजवल्या तर आपण फसू. गर्भलिंग चाचणीविरुद्ध कायदा करणारं महाराष्ट्र हे देशातलं पहिलं राज्य, १९८८ साली. केंद्राचा कायदा १९९४ चा. तरीही सहा वर्षांखालच्या हजार मुलांमागे मुली २००१ मध्ये ९१३ होत्या, त्या २०११ मध्ये ८९४ झाल्या. ज्या काळात नकुसा हे नाव मागास म्हणून मागे पडत होतं, त्याच काळात मुली कमी होत होत्या! ज्या आई-बापांना सोनोग्राफी परवडली, त्यांना नकुसा नाव ठेवायची वेळच आली नाही. नकुसा निदान जन्मली तरी. त्यामुळे वर्गात नकुसा नावाची मुलगी नाही म्हणजे आपण सुधारलो, असं समजणं म्हणजे एरर मेसेज बंद केला आणि प्रोग्रॅम बरोबर आला म्हणण्यासारखं आहे.

मग मुलगी खरंच हवी आहे हे ओळखायचं कसं? माझं उत्तर : तिचं नाव पाळण्यावर काय आहे ते बघू नका, ते कोणकोणत्या कागदावर आहे ते बघा. बारशाच्या कार्डावर छापायला दोनशे रुपये लागतात. सातबाऱ्यावर चढवायला मन लागतं.

आमच्या जिल्ह्याचं नाव देशभर झालं ते शेतकरी आत्महत्यांमुळे. घरचा माणूस गेल्यावर बाईची धावपळ सुरू होते ती वारसनोंदीसाठी, फेरफारासाठी. ज्या शेतात तिनं जन्मभर निंदण केलं, कापूस वेचला, त्याच्या कागदावर ती नसतेच! शेतकरी संघटनेच्या शरद जोशींनी १९९० च्या आसपास 'लक्ष्मीमुक्ती' मोहीम काढली होती, बायकोच्या नावानं जमीन करा म्हणून. शेकडो गावांत ती झालीही. पण पुढे? महाराष्ट्रानं १९९४ मध्ये आणि केंद्रानं २००५ मध्ये मुलीला वडिलोपार्जित इस्टेटीत मुलाइतकाच हक्क दिला. सुप्रीम कोर्टानं २०२० मध्ये तो जन्मापासूनचा आहे, असं स्पष्ट केलं. १९५६ चा हिंदू वारसा कायदा अनुसूचित जमातींना लागू नाही, म्हणजे आमच्याकडच्या कोलाम-गोंड मुली त्यातही बाहेर. त्यांच्यासाठी जुलै २०२५ मध्ये एका गोंड कुटुंबाच्या खटल्यात सुप्रीम कोर्टानं बाईला समान वाटा दिला. कायदा असा हळूहळू का होईना चालतो आहे. आणि आपण? आपण राखीला बहिणीकडून ओवाळून घेतो, साडी देतो आणि हक्कसोडपत्रावर सही घेतो. नाव तिचं स्नेहल असो, श्रेया असो की देझिरे, त्या सहीच्या क्षणी ती नकुसाच असते. मला तर वाटतं, हक्कसोडपत्र हेच आजचं नकुसा आहे. फक्त ते बारशाऐवजी लग्नानंतर ठेवतात.

"बहीण स्वखुशीनं देते," असं मुलं म्हणतात. देतही असेल. पण माहेरचं दार बंद होईल ह्या धाकानं केलेल्या सहीला खुशी म्हणायचं का? आणि स्वखुशीनं सोडणारा भाऊ मी अजून पाहिला नाही.

एक चांगली गोष्ट सांगते. १ मे २०२४ पासून जन्मणाऱ्या मुलांच्या सरकारी कागदपत्रांत बाळाच्या नावानंतर आधी आईचं नाव, मग वडिलांचं, मग आडनाव, असा निर्णय महाराष्ट्र सरकारनं घेतला. म्हणजे पंधरा-सोळा वर्षांनी ह्या कॉलेजच्या ॲडमिशन यादीत प्रत्येक नावात एक बाई दिसेल. आज आपली मार्कशीट बघा, आईचं नाव खाली एका वेगळ्या ओळीत कोपऱ्यात बसलेलं असतं.

तेव्हा मित्रमैत्रिणींनो, विशेषतः मित्रांनो, एक असाइनमेंट देते. मार्क नाहीत, सबमिशनही नाही! दिवाळीच्या सुट्टीत घरी गेलात की घरच्या शेताचा सातबारा उघडा. आता तो मोबाईलवरही दिसतो. भोगवटादाराच्या रकान्यात आईचं नाव आहे का बघा. आजोबांच्या पश्चात आत्यांची नावं लागली होती का, आणि लागली असतील तर कोणत्या फेरफारानं कमी झाली, तेही बघा. आणि पुढे कधी तुमच्या बहिणीसमोर तो छापील कागद आला, तर तिनं पेन उचलायच्या आधी तुम्ही बोला. तेवढं जमलं तर मुलीचं नाव बिनधास्त दगडी ठेवा, काही बिघडत नाही.