चित्रफितींचे मूक राखणदार

केंब्रिजमध्ये सीनियर रँग्लर होऊन रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे १९०१ साली मायदेशी परतले. त्यांच्या स्वागताचा सोहळा हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी कॅमेऱ्याने टिपला. भारतीयाने घेतलेला हा पहिला वृत्तपट मानला जातो. आज ग्रंथांतून त्याचा उल्लेख आढळतो. फीत मात्र काळाच्या उदरात गडप झाली आहे. १९३१ चा ‘आलम आरा’ आणि बाबूराव पेंटरांचा १९२५ चा मूकपट ‘सावकारी पाश’ यांचीही तीच गत झाली.

हा नाश केवळ दैवाचा खेळ नव्हे. त्या काळातील नायट्रेटच्या फिती अत्यंत ज्वालाग्राही असत. शिवाय खेळ संपलेल्या चित्रपटाचे मोल उरते ते त्यातील चांदीपुरतेच, अशी व्यवहारदृष्टी होती. या अनास्थेला छेद दिला तो १९६४ साली पुण्यात स्थापन झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने आणि त्याचे शिल्पकार पी. के. नायर यांनी. दादासाहेब फाळक्यांच्या चित्रपटांचे जे अंश आज पाहता येतात, त्यामागे नायर यांची अथक भटकंती आहे. तरीही जानेवारी २००३ मध्ये पुण्यातच लागलेल्या आगीत नायट्रेट फितींचा मोठा साठा भस्मसात झाला. गोळा करणे म्हणजे जपणे नव्हे, हा त्या आगीचा धडा होय.

जपणुकीचे काम पडद्याआड चालते. फीत पुसणे, फाटलेली छिद्रे सांधणे, एकेक चौकट संगणकावर उतरवणे, हे झाले हातांचे काम. त्याहून अवघड काम डोळ्यांचे. दुकानाची पाटी, मोटारीची घडण, शिपायाचा गणवेश यांवरून स्थळ आणि काळ ओळखावा लागतो. ही नोंद नसेल, तर वाचलेली फीतही मुकीच राहते.

जुन्या दृश्यांचा आज सर्रास वापर होतो. परंतु त्यातील बेपर्वाई चिंताजनक आहे. मूकपटांच्या काळात सेकंदाला साधारण १६ ते १८ चौकटी टिपल्या जात. तीच फीत २४ च्या वेगाने दाखवली, की लोकनेत्याची अंत्ययात्रासुद्धा हास्यास्पद धावपळ वाटते. चित्रपटातील नाट्यमय प्रसंग प्रत्यक्ष घटना म्हणून खपवले जातात. ज्या समाजाला आपल्या इतिहासाचा अभिमान आहे, त्याने इतिहासाच्या साक्षीत अशी भेसळ खपवून घेता कामा नये. प्रत्येक जुन्या दृश्याखाली स्थळ, वर्ष आणि संग्रहाचे नाव यायलाच हवे.

सुमारे २,२०० चित्रपटांच्या पुनरुज्जीवनासाठी केंद्र सरकारने २०२२ मध्ये ३६३ कोटी रुपयांची योजना जाहीर केली, हे स्वागतार्हच आहे. मात्र यंत्रे विकत घेता येतात. जाणकार माणसे घडवावी लागतात. शिवाय संगणकीय प्रत निघाली म्हणून मूळ फीत टाकून देणे आत्मघातकी ठरेल. संगणकीय प्रती काही वर्षांनी पुनःपुन्हा नव्या साधनांवर उतरवाव्या लागतात. थंड, कोरड्या जागी ठेवलेली चांगली फीत शतकभर टिकू शकते.

सारा भार शासनावर टाकून मात्र भागणार नाही. कित्येक घरांत आजोबांनी आठ मिलिमीटरच्या फितीवर टिपलेले लग्न, जत्रा वा गावचा उत्सव माळ्यावर पडून असेल. डबा उघडताच व्हिनेगरसारखा आंबूस वास आला, तर ऱ्हास सुरू झाला आहे असे समजावे. ती फीत जुन्या यंत्रावर चालवून न पाहता जाणकाराकडे न्यावी. आणि त्याआधी घरातील वडीलधाऱ्यांजवळ बसून त्यातील माणसांची नावे लिहून घ्यावीत. फीत कदाचित आणखी काही वर्षे तग धरील. ती ओळखणारे डोळे तेवढी वाट पाहतीलच असे नाही.