पावसाळी बूट आणि स्प्रेचा डबा



जून महिना लागला, की घाटमाथ्याजवळच्या आपल्या खेड्यांतून घरोघरी पावसाळ्याची तयारी सुरू होते. इरली व घोंगड्या यांचा काळ आता मागे पडला. तरुण मंडळी रेनकोट, जाड बूट व पाठीवरच्या पिशव्या वापरतात, आणि त्यांवर मारावयाचा वॉटरप्रूफ स्प्रेही बाजारातून घरात येऊ लागला आहे. या डब्याविषयी चार शब्द लिहिणे आम्हांस अगत्याचे वाटते. त्यास कारणही तसेच घडले आहे.

गेल्या पावसाळ्यात आम्ही एका कुटुंबाच्या भेटीस गेलो होतो. घरचा मुलगा खाटेवर पडून होता. आदल्या रात्री बाहेर पाऊस होता, म्हणून त्याने दारेखिडक्या लावून घेऊन स्वयंपाकघरातच दोन जोड बूट व एक रेनकोट यांवर स्प्रे मारला. काही वेळाने त्यास खोकला सुरू झाला, आणि पहाटे धाप लागून दवाखाना गाठावा लागला. तो बरा झाला; परंतु त्याची आजी आम्हांस म्हणाली, “फादर, बुटांत पाणी जाऊ नये म्हणून मारलं, आणि पोराचा श्वासच अडकला की हो!”

असे का व्हावे? अळवाच्या पानावर पाणी ठरत नाही, हे आपण लहानपणापासून पाहत आलो आहोत. पानावरील मेणासारखा अतिसूक्ष्म थर पाण्यास पसरू देत नाही. त्याचे थेंब होऊन ते घरंगळतात. स्प्रे कापडाच्या धाग्यांवर असाच थर देतो. आपल्या फुप्फुसांतील हवेच्या सूक्ष्म पिशव्यांनाही आतून एक पातळ ओलसर थर असतो. त्यामुळे श्वास सोडताना त्या मिटून चिकटत नाहीत. स्प्रेचे बारीक तुषार खोलवर गेले, तर तो थर बिघडू शकतो. म्हणजे ज्या गुणासाठी आपण स्प्रे विकत घेतो, तोच गुण श्वासास अपायकारक ठरतो.

म्हणून प्रथम विचारावे, की स्प्रेची गरज आहे काय? रबराचे गमबूट आणि प्लास्टिकचे रेनकोट यांतून मुळातच पाणी झिरपत नाही. त्यांवर स्प्रे मारणे म्हणजे पैसा वाया घालविणे होय. गुळगुळीत कातड्याच्या बुटांस मेणाचा लेप उत्तम. तो फडक्याने चोळावयाचा असल्यामुळे तुषार उडत नाहीत. खरबरीत, मऊ लवेच्या स्वेड कातड्यास मात्र मेण लावल्यास लव बसते. त्यास आणि कापडी बूट, पिशव्या व नायलॉनचे जाकीट यांस स्प्रे योग्य. परंतु स्प्रे भोके बुजवीत नाही. शिवण उसवली असेल वा तळवा फाटला असेल, तर आधी दुरुस्ती करून घ्यावी.

विकत घेताना डब्यावर ‘पीएफएएस फ्री’ असे लिहिलेले आहे काय, ते पाहावे. फ्लोरिनयुक्त रसायनांच्या या वर्गातील पदार्थ माती व पाणी यांत वर्षानुवर्षे टिकून राहतात. स्टॉकहोम कराराच्या यादीत त्यांपैकी पीएफओएस २००९ साली व पीएफओए २०१९ साली घालण्यात आले. फ्लोरिन नसलेला स्प्रे तेलाचे डाग अडवीत नाही, पण पावसापुरता तो पुरेसा आहे. मात्र फ्लोरिन नाही म्हणून तो श्वासास निर्धोक, असे कोणी समजू नये.

आता वापरण्याची रीत. हे काम मे महिन्यातच उरकावे. वस्तूवरील चिखल व धूळ काढून ती धुवावी. कपडे धुण्याच्या पावडरीचा अंश मागे राहिल्यास पाणी उलट मुरते, म्हणून भरपूर पाण्याने खळबळावी. ती ओली असावी की कोरडी, हे डब्यावर वाचून ठरवावे. मग उघड्या अंगणात, वारा पाठीशी घेऊन, वीतभर अंतरावरून दोन पातळ हात द्यावेत व जास्तीचा ओघळ फडक्याने टिपावा. नाकाला रुमाल बांधल्याने हे तुषार अडतील, अशा भरवशावर राहू नये. मुले, वृद्ध व दम्याचे रोगी यांस दूर ठेवावे. डब्यातील वायू पेट घेतो; म्हणून जवळ चूल वा विडी नसावी, आणि रिकामा डबाही विस्तवात टाकू नये. वस्तू एक दिवस बाहेरच वाळू द्यावी. नंतर वर पाणी शिंपडून पाहावे : थेंब घरंगळले तर काम झाले.

भिजून आलेले बूट चुलीशी ठेवू नयेत, कातडे तडकते. आत वर्तमानपत्राचे बोळे घालून ते सावलीत वाळवावेत.

आणि स्प्रे मारल्यानंतर कोणास खोकला, धाप वा छातीत आवळल्यासारखे वाटू लागले, तर त्यास तत्काळ मोकळ्या हवेत न्यावे, आणि सकाळची वाट न पाहता डॉक्टरांकडे जावे. जाताना तो डबा बरोबर न्यावा.

त्या घरी आम्ही यंदा मे महिन्यात पुन्हा गेलो. अंगणात दोरीवर रेनकोट वाळत होता, खाली बुटांची रांग होती, आणि आजी उंबऱ्यात बसून नातवंडांना आत अडवून धरीत होती.