वृद्धाश्रमांतील देवघर

डॉ. वानलेस यांनीं १८९४ सालीं मिरजेस रुग्णालय काढलें. पुढें तेथें परिचारिकाही शिकून तयार होऊं लागल्या. तेथेंच शिकलेल्या एका बाईंनीं सांगलीकडील वृद्धाश्रमांतील हकीकत आम्हांस सांगितली. एक आजी तीन दिवस अन्नास शिवल्या नाहींत. कागदावर ‘भूक मंद’ अशी नोंद झाली. बाईंनीं (त्या ख्रिस्ती, हें विशेष) जवळ बसून विचारलें, तेव्हां कळलें कीं, नैवेद्यावांचून घांस उतरत नाहीं. खिडकींत तुळस ठेविली, घरून बाळकृष्ण आणविला, आजी जेवल्या. नोंदवहींत याकरितां रकाना नसतो. असावा, असें आमचें मत आहे. साताऱ्याचे एक गृहस्थ तेथेंच माहुलीच्या संगमाचें पाणी मागतात. बाई आणून देण्यास तयार आहेत. पण तें मुलानेंच आणावें, हा त्यांचा हट्ट. मुलगा पुण्यास असतो. दोनदां निरोप धाडला आहे.