बदलीचा हुकूम आणि दाद मागण्याचा हक्क

संपादक महाशय,

बदली ही नोकरीची अंगभूत शर्त असल्याने तिच्याविरुद्ध न्यायालयात जाणे म्हणजे बेशिस्त होय, हे गेल्या अंकातील पत्रलेखकांचे मत अर्धेच खरे आहे. कोणास कोठे पाठवावे हे वरिष्ठांनी ठरवावे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९३ साली बदलीविषयीच्या अब्बास खटल्यात म्हटले खरे. परंतु हुकूम आकसाने काढलेला वा वैधानिक तरतुदींचा भंग करणारा असल्यास हस्तक्षेपाची वाट त्याच निकालाने मोकळी ठेवली आहे.

पंजाब अँड सिंध बँकेच्या इंदूर शाखेतील चौथ्या श्रेणीच्या एका महिला अधिकाऱ्याने मद्य-ठेकेदारांच्या खात्यांतील गैरव्यवहारांविषयी व वरिष्ठाच्या वर्तनाविषयी तक्रारी केल्यावर तिची रवानगी जबलपूर जिल्ह्यातील सरसावा शाखेत, पहिल्या श्रेणीच्या जागेवर झाली. २०२० साली सर्वोच्च न्यायालयाने तो हुकूम रद्द करणारा उच्च न्यायालयाचा निकाल कायम ठेवून तिला इंदुरास परत नेमण्यास सांगितले व ५०,००० रुपये खर्चही देवविला. तिच्या न्यायालयात जाण्यास बेशिस्त म्हणावे काय?

दिल्लीत कोपर्निकस मार्गावरील केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या आवारात, कार्यमुक्तीच्या आदेशाची चौघडी घातलेली प्रत आणि आईच्या औषधोपचाराचे कागद एकाच पिशवीत घेऊन तारखेची वाट पाहणारे कारकून मी पाहिले आहेत. त्यांना उद्दाम म्हणण्यास माझी जीभ धजत नाही. मात्र स्थगिती नसता नव्या जागी रुजू न होणे निराळे: सुरतेहून उकाईस न गेलेल्या वीज मंडळाच्या कर्मचाऱ्याची सेवासमाप्ती १९८९ साली सर्वोच्च न्यायालयाने कायम केली. हा भेद पत्रलेखकांनी पाळावयास हवा होता.

आपला,
एक निवृत्त मराठी कर्मचारी, नवी दिल्ली