हाताखालचा माणूस

चित्रपटाच्या श्रेयनामावलीत ‘सहाय्यक दिग्दर्शक’ या शब्दांपुढचे नाव वाचणारा प्रेक्षक मला अजून भेटायचा आहे. हाताखालचा माणूस, त्याचे नाव कशाला वाचायचे, अशी आपली समजूत. ही समजूत चुकीची आहे असे माझे मत आहे. त्यासाठी ब्राझीलचे दिग्दर्शक नेल्सन परेरा दोस सांतोस यांचा दाखला देतो.

१९२८ साली साओ पावलो येथे जन्मलेले हे गृहस्थ कायद्याचे पदवीधर. वकिली करून सुखाने राहिले असते. पण त्यांनी दुसऱ्यांच्या हाताखाली काम पत्करले. अलेक्स विआनी यांच्या १९५३ सालच्या चित्रपटाला ते सहाय्यक होते. त्यानंतर दोनच वर्षांनी त्यांनी स्वतःचा ‘रिओ, ४० अंश’ काढला. शेंगदाणे विकणारी झोपडपट्टीतील पाच मुले आणि एक रविवार, एवढाच विषय. पोलीसप्रमुखांनी त्यावर बंदी घातली. रिओत पारा चाळीसवर जातच नाही, असेही कारण त्यांनी दिल्याचे सांगतात! बंदी उठली ती १९५६ साली.

पुढे १९६० मध्ये दुष्काळावरील ‘विदास सेकास’ काढण्यासाठी मंडळी घेऊन ते ईशान्येकडील कोरड्या मुलखात गेले, तर पाऊस पडून सारे रान हिरवे झाले. त्यांनी त्याच मंडळींना घेऊन दुसराच चित्रपट उभा केला आणि स्वतः त्यात काम केले. दुष्काळाचा चित्रपट १९६३ साली पुरा झाला. हाती असेल त्यात भागवण्याची ही वृत्ती हाताखाली राबल्याशिवाय येत नाही, असे मला वाटते.

मला सर्वांत मोठी वाटते ती गोष्ट निराळीच. नाव झाल्यावरही त्यांनी ग्लाउबेर रोशा या तरुणाच्या पहिल्या मोठ्या चित्रपटाचे, १९६२ च्या ‘बारावेंतो’चे, संकलन करून दिले. गुरू पुन्हा हाताखाली बसला!

माझे वडील आयुष्यभर गवंड्याच्या हाताखाली आहेत. कॉलेजात कोणी विचारले की मी ‘बांधकामात आहेत’ एवढेच सांगत असे. नेल्सन यांना वरची वाट मोकळी होती, वडिलांना ती कोणी दाखवलीच नाही, हा फरक मी विसरत नाही. म्हणूनच म्हणतो, लाज हाताखाली असण्यात नाही. माणसाला जन्मभर तिथेच ठेवून त्याचे नावही न विचारणाऱ्यांनी ती बाळगावी.

यापुढे मी नावे वाचणार आहे. आणि वडिलांचे काम नीट सांगणार आहे.